दुसऱ्या कॅमेऱ्याची फीत

बर्लिन, १६ ऑक्टोबर १९५८

प्रिय लिओ,

मंगळवारी मी तुझा शेवटचा मूकपट पाहिला. त्यातल्या जिन्याच्या प्रसंगामुळे हे पत्र लिहिणं मला भाग आहे.

तू बरा असशील. मीही बरी आहे, गुडघे सोडून. कूनो दोन वर्षांपूर्वी झोपेतच गेला. तुला कळवलं नाही. नवरा गेल्यावर कुणाला कळवायचं, ते मीच ठरवलं.

तू ल्यूबेकच्या नाटकगृहात प्रॉम्प्टर आहेस असं ऐकते. ज्याच्या नुसत्या भुवईवर बायका तिकिटं काढायच्या, तो आता खोक्यात बसून दुसऱ्यांना शब्द पुरवतो! बोलपट आले आणि तुझी कारकीर्द संपली, असं लोक म्हणतात. मी ते कधी खोडून काढलं नाही. बोलपट यायला तेव्हा तीन वर्षं अवकाश होता, हे आपल्याला माहीत आहे.

मुद्द्यावर येते. कोपनहेगनहून त्या मूकपटाची एक जुनी प्रत इथल्या संग्रहालयात आली. पडद्यावरची माणसं ओळखायला तिथल्या टीडके नावाच्या गृहस्थांनी मला बोलावलं. जिन्यावरची तलवारबाजी सुरू झाली. तू काळ्या झग्यात, कूनो कठड्याला पाठ लावून. मी डोळे मिटणार, तेवढ्यात काहीतरी वेगळं दिसलं.

"हे असं नव्हतं," मी म्हणाले.

"बाई, तेव्हा दोन कॅमेरे शेजारीशेजारी लावत. एकाची फीत इथल्यासाठी, दुसऱ्याची परदेशी पाठवायला. तुम्ही इथली पाहिली असेल."

इथलीच. कूनोचा पाय कायमचा अधू झाला, त्या अपघातानंतर तिसऱ्या दिवशी कंपनीने दाखवली होती. तुझा हात पुढे येतो, कूनो मागे कोसळतो. कठडा तुझ्या झग्याआड.

दुसऱ्या कॅमेऱ्याला कठडा दिसतो. तो आधी निखळतो. कूनोचा तोल जातो. मग तुझा हात पुढे येतो, तलवार टाकून, पंजा उघडा. तू त्याला धरत होतास.

"पुन्हा लावा."

"फीत जुनी आहे हो, तुटेल."

"मीही जुनीच आहे. लावा."

चारदा लावायला लावली. शेवटी ते म्हणाले, "बाई, तुम्ही हसताय की रडताय?"

"तुम्ही यंत्राकडे बघा," मी म्हणाले.

पस्तीस वर्षं मी मुलींना पदार्थविज्ञान शिकवलं. एकाच जागेवरून पाहून निष्कर्ष काढणारीला कोपऱ्यात उभं केलं असतं.

कूनोला त्या क्षणाचं काहीच आठवत नव्हतं. "लिओ तसं करायचा नाही गं," एवढंच तो म्हणायचा, आणि काठी शोधायचा. मी त्याला भोळा म्हणायचे.

आता राहिलेलं. कंपनीने तुझा करार मोडला तो माझ्या लेखी निवेदनावरून. 'मत्सरापोटी ढकललं' हे शब्द माझे. फितीत मत्सर कुठे दिसत होता? तो मी पदरचा घातला. पुढे तू दारात येऊन विचारलंस, "हेडमास्तरीणबाई, तुझाही विश्वास बसला?" मी दार लावून घेतलं. विश्वास बसला म्हणून नव्हे. ती गोष्ट पसरवणारी मीच होते म्हणून.

माफी मागते. द्यायची की नाही, ते तुझं तू बघ. पण खरं सांगायचं तर मला फार हलकं वाटतंय. बाहेर पडून प्लमच्या केकचे दोन तुकडे खाल्ले, वर साय घेऊन. ट्राममध्ये मोठ्यांदा म्हणाले, "माझा भाऊ तसा नव्हता." शेजारची बाई सरकून बसली.

आडेलहाइड

सोबत तुला: त्या फितीतल्या अकरा चौकटींची छायाचित्रं. शेवटची तीन तुझ्या हाताची.

टीडके यांच्या हाती दिलं, पोच घेतली: १९२६च्या निवेदनाची माझ्याकडची नक्कल, आडवी रेघ मारून, 'खोटं' असं लिहून, सही केलेली. नवं निवेदन, एक पान. जुन्यात 'नातं' या रकान्यात मी 'जखमी इसमाची पत्नी' एवढंच लिहिलं होतं. नव्यात त्यापुढे 'आणि अभिनेत्याची सख्खी बहीण' असं लिहिलं आहे.