सिग्ने मॅडम निघून गेल्या

खलिफा सिटी, अबुधाबी
मार्च २००१

प्रिय इसाबेल,

हे वाचून लगेच मम्मीला सांगू नकोस. तिचं बीपी वाढेल, माझं आधीच वाढलंय. आज सकाळी सिग्ने मॅडम साहेबांना न सांगता नॉर्वेला निघून गेल्या. साहेब रास अल खैमाच्या सिमेंट कारखान्यावर गेलेत, संध्याकाळी परततील. घरात मी एकटी. माझा व्हिसा त्यांच्याच नावावर, मला चोर ठरवायला त्यांना एक फोन पुरे. बाहेर गाडी थांबली की मी पडद्याआडून बघून येते.

तुला मॅडम म्हणजे नुसती गोरी मालकीण वाटते. अगं, तिकडे त्या मोठ्या नटी. कोवळ्या वयात नाटकात उभ्या राहिल्या, मग सिनेमे, मग टीव्हीवरची डॉक्टरीणबाई. ती मालिका लागली की रस्ते ओस पडायचे म्हणे. चाळिशी उलटली तशी कामं आटली, आणि लग्न करून त्या इथे आल्या. इथे त्यांना कोण ओळखणार? साहेबांनी त्यांची एकही कॅसेट कधी पाहिली नाही. मी मात्र इस्त्री करता करता सगळ्या पाहिल्या. भाषा ओ की ठो कळत नाही, पण खोटं हसताना मॅडमची मान जराशी कलते, हे मला पाठ झालं.

गेल्या महिन्यात तिकडच्या एका दिग्दर्शकाचा फोन आला. नवी मालिका, नायिकेच्या आईचं काम. साहेबांनी "खलास" म्हणून विषय संपवला आणि मॅडमचा पासपोर्ट लॉकरमध्ये टाकला. मॅडम स्वयंपाकघरात येऊन मला म्हणाल्या, "लिनेट, त्या दिग्दर्शकाला मी म्हातारी म्हणून हवी आहे. इतकी खूश मी कधीच नव्हते."

आज सकाळी त्यांनी साहेबांना कॉफी दिली, कॉलर सारखी केली, रात्री मासे करते, लवकर या म्हणाल्या. आणि हसल्या. मान कलली. साहेबांना काही कळलं नाही, खुशीत गाडीत बसले. एवढं चांगलं काम मॅडमनी कुठल्याच कॅसेटमध्ये केलेलं नाही.

आता का लिहितेय ते सांगते. गास गावचा एडविन दुपारच्या फ्लाइटने मुंबईला येतोय, त्याच्या हाती हे देतेय. रविवारपर्यंत माझा फोन आला नाही, तर रॉयडनदादाला घेऊन फादरकडे जा, इथल्या भारतीय एम्बसीला कळवायला सांग. लॉकरची किल्ली काल साहेबांच्या धुवायच्या पँटमध्ये मलाच सापडली. मी लॉकर उघडला, मॅडमचा पासपोर्ट काढून त्यांना दिला, आणि किल्ली नेहमीसारखी साहेबांना नेऊन दिली. खाली माझाही पासपोर्ट होता गं. इतकी वर्षं तो मालकांच्याच लॉकरमध्ये असतो, तो माझा आहे, उचलावा, हे डोक्यातच आलं नाही. मॅडमची टॅक्सी वळणावरून दिसेनाशी झाली, तेव्हा आलं.

घाबरलेली, पण तुझीच,
लिनेट