उताऱ्यावर दोघींची नावं

न्हावरे,
सोमवार

प्रिय सायली,

जमीन आपली झाली गं! सातबाऱ्यावरचं शासनाचं नाव गेलं आणि तिथं आपण दोघी आलो. वर गिताबाई मल्हारी कोळपे, खाली सायली संपत कोळपे. तलाठ्यानं उतारा हातात दिला तशी मी तिथंच मोठ्यानं वाचायला लागले. तो म्हणाला, "मावशी, हळू वाचा, शेजारी मिटिंग चाललीय." म्हटलं, त्यांनाबी कळू द्या की! तुला फोनच करणार होते. पण जे सांगायचंय ते फोनवर माझ्या तोंडून नीट निघायचं नाही, म्हणून लिहायला बसलेय.

तुला सगळं ठाऊक आहे, तरी आज पहिल्यापासून सांगावंसं वाटतंय. धरणात आपलं गाव बुडालं आणि त्याबदली तुझ्या मामंजींना ही जमीन मिळाली. अर्धा जन्म मेंढरांमागं फिरलेला माणूस, पण शेतीला लागला तर बांधावर गवताची काडी राहू देईना. ताबा आपला, कांदा आपला, ऊस आपला आणि उताऱ्यावर मालक मात्र शासन. मालकीचा दाखला मागायला गेलं की खालच्या ऑफिसात म्हणायचे फाईल वर गेलीय, वरचे म्हणायचे खाली पाठवलीय. मामंजी वाट बघतच गेले. मग माझ्या संपतनं कारखान्याच्या सगळ्या सुट्ट्या त्या ऑफिसांच्या बाकड्यांवर घालवल्या. कोरेगाव भीमाजवळ त्याच्या गाडीला ट्रकनं धडक दिली, तो जागीच गेला आणि आपलं घरच बसलं. त्यातून सावरतोय न सावरतोय तोवर निरोप आला, आता वारसांचे कागद नव्यानं जोडा. तेव्हा तू भाकरी थापता थापता म्हणालीस, "आत्या, आता कोर्टातच जाऊ." तुझा आवाज जरासुद्धा कापला नाही. मला तिथंच धीर आला.

वकीलही तूच शोधलीस, तुझी कॉलेजातली मैत्रीण महेजबीन. पुढं वडिलांच्या आजारपणामुळं तुला कासुर्डीला जावं लागलं, म्हणून सुनावणीला शिरूरला तिच्या ऑफिसात मी एकटीच बसले. फोनवर तेव्हा मी तुला घाईघाईत सांगितलं, पण खरी गंमत राहिलीच. हायकोर्ट मुंबईत, पण कॉम्प्युटरवर सगळं समोर दिसतं. जज मॅडम आल्या तशी मी ताडकन उभी राहिले आणि हात जोडले. महेजबीन हसू दाबत म्हणाली, "मामी, बसा, त्यांना तुम्ही दिसत नाही." सरकारी वकिलांनी आणखी मुदत मागितली. जज मॅडमनी विचारलं, जमीन कसतंय कोण? महेजबीन म्हणाली, याच दोघी. कुणाची हरकत आहे? कुणाचीच नाही. मग अडलंय कुठं? सरकारी वकिलांनी कागद चाळले, पुन्हा चाळले. महेजबीन मला हळूच मराठीत सांगत होती. इतकी वर्षं आपण जे विचारत होतो तेच ती जजबाई विचारत होती, आणि तिला उत्तर देणं सरकारला भाग होतं! आदेश झाला, ठरल्या मुदतीत दाखला द्या.

तरी मुदत टळलीच. महेजबीननं कोर्टाच्या अवमानाची नोटीस धाडली मात्र, आणि वर-खाली फिरणारी फाईल एकाच टेबलावर सापडली.

मी पेढे घेऊनच घरी आले. शेजारच्या शेवंताबाईनं मला धरून अंगणात फुगडीच घातली, गुडघे दुखतात तिचे तरी! तेवढ्यात तुझे चुलत सासरे, भिमा भावजी, ओट्यावर येऊन बसले. म्हणाले, "वैनी, झ्याक झालं. पर पोरगी आज ना उद्या दुसऱ्या घरी जाणार, लोकं बोलत्यात. आत्ताच तिच्याकडनं हक्कसोड लिहून घ्या." मी त्यांच्या हातात पेढा ठेवला. म्हटलं, "भावजी, नवऱ्याच्या माघारी लागलेलं नाव हाय ते. ती कुठंबी नांदली तरी पुसायचं न्हाई. महेजबीनला इचारून आलीया मी." पेढा तसाच ठेवून ते उठले.

हो, मी मुद्दाम विचारून आले होते. तुझ्या आईनं मला हनुमंताचं सांगितलंय, तुमच्या गावातल्या गुऱ्हाळवाल्याचं. माणूस चांगला आहे, तुझ्या मनातही आहे आणि तरी तू लग्नाला नाही म्हणतेस. आत्याला काय वाटेल, संपतचं घर कसं सोडू, असं म्हणतेस म्हणे. अगं, संपतचं दुःख माझ्याबरोबर राहील, पण त्याला सोबत म्हणून तू जन्मभर एकटी बसायचं नाहीस. तुझ्या वाट्यात तुला हवं ते पेर, हवं तेव्हा ये, माझ्याशी भांडायला ये. रविवारी मी कासुर्डीला येतेय. हनुमंताच्या घरच्यांना बोलणी करायला बोलावून ठेव. मी मुलीकडच्या बाजूला बसणार आहे, तुझ्या आईशेजारी.

तुझीच,
आत्या