पडद्यामागच्या बायका

आदिलाबाद, १४ ऑक्टोबर १९५६
दसरा! मैदानात अमृतरावांचा सिनेमाचा तंबू लागला. बोलपटाचं यंत्र रुसलं, म्हणून दोन रिळांचा जुना मुका सिनेमा दाखवणार. बायकांची जागा पडद्यामागे. तिथून चित्र दिसतं, पण मजकुराच्या पाट्या उलट्या! म्हणून गोष्ट सांगायला शाळेतली बाई हवी — म्हणजे मी. बाबा चक्क हो म्हणाले.

१५ ऑक्टोबर
अमृतरावांनी गोष्ट समजावली. जमीनदाराची लेक, माळ्याचा पोरगा, चोरून प्रेम. तिचा भाऊ आडवा येतो, झटापटीत मरतो. पोलीस मागे. पोरगा पुलावरून उडी टाकतो — बुडतो. ती काठावर बसून राहते. संपलं!
मला भयंकर राग आला. मला काऊन येऊ नये? लिंगय्या मास्तरांनी मला लग्नाचं विचारलंय. मनातून माझा होकार आहे. पण ते तेलुगू, पद्मशाली, आम्ही देशस्थ. एक तारखेपासून आदिलाबाद आंध्रात जाणार, आणि कचेरीत पेशकार असलेल्या माझ्या बाबांनी नांदेडला बदली मागून घेतलीय. बिऱ्हाडासकट निघायचं.

१७ ऑक्टोबर
काल मी भावाला मरूच दिलं नाही! "बेशुद्ध पडला," म्हटलं. आणि शेवटी — "पोहून पलीकडं गेला, तिला न्यायला येणार!" बायकांनी टाळ्या पिटल्या.
आज गल्लीत भांडणं. शेजारच्या सोजरबाईंचा नवरा समोरून पाहून आलेला. "बुडला तो!" "तुमाले काय दिसते? तुमी तमाखू मळून राह्यले होते!" हसून हसून माझं पोट दुखलं.
आई ज्वारी निवडत होती. म्हणाली, "तो पोहून गेला, हे तुले कसं दिसलं?"
"दिसलं."
"मले तर नाही दिसलं."
मी पाणी आणायला उठले.

२५ ऑक्टोबर
मास्तर शाळेत भेटले. "जाणार?" "बाबा म्हणतील तसं," मी म्हटलं. ते नुसते "सरे" म्हणाले — बरं. चिडले असते तर सोसलं असतं. तंबूत एवढी शूर, आणि घरात तोंड शिवलेलं!

२८ ऑक्टोबर
भांडी बांधली. पोळ्या छान फुगल्या.

३१ ऑक्टोबर
सामान बैलगाडीत चढलं. आईनं माझी ट्रंक खाली उतरवली. बाबा ओरडले, "हे काय करून राह्यली?"
ती म्हणाली, "पोरीच्या मनातलं मले दिसलं. मास्तरच्या मायले काल भेटून आली मी. पहिले लगन, मंग नांदेड."