किती भरेल

लाडक्या लेकीस,

परवा तू बाळ माझ्यापुढे धरलंस. "बाबा, घ्या ना. किती भरेल सांगा बरं?" मी हात मागे घेतले आणि तू रुसलीस.

तुरुंगात मी नुसता पहारेकरी नव्हतो. फाशी देण्याचं काम माझ्याकडे होतं. आदल्या दिवशी माणसाचं वजन करायचं आणि तेवढ्याच वाळूचं पोतं टांगून दोर तपासायचा. शेवटचा माणूस काट्यावर उभा राहून हसला होता. "काका, दोन किलो वाढलंय. इथलं जेवण मानवलं." मीही हसलो, आणि पोत्यात दोन किलो वाळू वाढवली.

रिटायर होऊन सहा वर्षं झाली, तरी सवय जात नाही.

हे पत्र मी टाकणार नाही. तू रुसलेलीच बरी.

नात साडेतीन किलोची आहे. न उचलताच कळलं.

तुझा,
बाबा