मिहराबाचा गिलावा

तात्या, कल्याणच्या खाडीकडे इराण्यांची मशीद आहे ना, तिची दुरुस्ती निघाली आहे. मिहराबाचा, म्हणजे मक्केची दिशा दाखवणाऱ्या कोनाड्याचा, गिलावा ठेवायचा की फोडून विलायती सिमेंट लावायचे, हे सांगायला मला ठाण्याहून बोलावले होते. सरकारी ओव्हरसियर म्हणून. आई गेल्यापासून त्या दारातून मी आत पाऊल टाकले नव्हते.

मशीद तशीच आहे. घुमट नाही, दोन सडपातळ मिनार, दर्शनी भिंतीवर शिराजहून गलबतातून आलेल्या निळ्या फरशा, चौकात हौद. घोड्यांच्या व्यापारात पैसा केलेल्या इराण्यांनी ती आपल्या गावच्यासारखीच हवी म्हणून हट्टाने बांधली. फरशा तिकडच्या, सागवान इथले आणि चुना तुमचा. मिहराबात मधाच्या पोळ्यासारखे थराथराने खाली उतरणारे ते छोटे कोनाडे तुम्ही गुळाच्या आणि हिरड्याच्या पाण्यात मळलेल्या चुन्यातून उठवलेत. घरी आमच्याशी दोन शब्द बोलणे तुम्हाला जड जायचे. गारगोटीने चुना घोटताना मात्र तुम्ही त्याच्याशी पुटपुटत असायचात.

आई गेली त्या संध्याकाळी मोहरमचा चंद्र दिसणार होता. तो दिसला की शोक सुरू, मग दहा दिवस तिथे कोणी थापीला हात लावत नसे. म्हणून तुमची घाई. मी कॉलेजच्या सुट्टीत घरी आलेलो आणि आईला पहाटेपासून पटकी. मी परांचीखाली उभा आहे, ओरडतो आहे, "तात्या, चला! आईचे डोळे खोल गेलेत." तुम्ही वळतसुद्धा नाही. "ओला आहे तोवरच घोटायला हवा. सोडला तर सांधा दिसेल. तू वैद्यांना घेऊन हो पुढे, मी आलोच." म्हातारे इराणी शेठ खालून म्हणाले, "अरे मिस्त्री, घर जाओ! दीवार फिर बन जाएगी." तुम्ही म्हणालात, "ऐसी फिर नहीं बनती, शेठजी." आई दिवेलागणीला गेली. कोपरापर्यंत पांढरे हात घेऊन तुम्ही दारात आलात तेव्हा आत्या म्हणाली, "दादा, हात तरी धुवायचेस. की तेवढ्यानेही सांधा दिसला असता?"

बाराशे वर्षांपूर्वी करबल्यात मारल्या गेलेल्या हुसेनसाठी ती माणसे दहा दिवस काम टाकून बसली. तुम्ही जिवंत बायकोसाठी एक दुपार टाकली नाहीत. हे वाक्य मी रोजनिशीत किती वेळा लिहिले असेल, आणि दर वेळी स्वतःला विचारले आहे की हा न्याय आहे, की नुसता धार लावलेला शब्द. कारण दहाव्याला घाटावर पिंड ठेवून परतताना मी तुम्हाला मशिदीच्या दारात पाहिले. आत छाती पिटत शोक चालला होता आणि त्या गर्दीच्या मागे उभे राहून तुम्ही ढसाढसा रडत होतात. घरात तुमच्या डोळ्यांतून टिपूस आले नव्हते. ते रडणे आईसाठी असेल, तर त्यावर आमचा हक्क नव्हता का? मी हाक मारली नाही. तुम्ही गेलात तोवर कधी विचारलेही नाही.

आज कंदील धरून मी तो सगळा गिलावा बोटांनी चाचपला. सांधा, तडा, पोपडा, काहीही मिळावे म्हणून. ठोकून पाहिले, पोकळ आवाज कुठेच नाही. हल्ली मशिदीचा कारभार पाहणारे तरुण शेठ मागे उभे होते. ते मला ओळखत नाहीत.

"फोडायचा ना, साहेब? कंत्राटदार म्हणतो, जुना चुना आहे, कधीही दगा देईल."

"चुन्याचे माहीत नाही, कंत्राटदार नक्की देईल," मी म्हणालो. "याला हात लावू देऊ नका. तुमची नातवंडे म्हातारी होतील तरी हलणार नाही."

ते हसले, मग मान वर करून बघत राहिले. "काय हात असेल! कोणी केले, आमच्यात कुणालाच ठाऊक नाही. तुम्हाला काही अंदाज?"

"शिराजहून आलेला कोणी असेल," मी म्हणालो.

हे तुमच्यापर्यंत पोचणार नाही, म्हणूनच लिहिता येते आहे. ते खोटे सांगताना मला बरे वाटले.