ठुशी, चौदा इंची दोऱ्यासह

मी, विजयमाला आप्पासो शेलार, वय वर्षे बावन्न, धंदा शिवणकाम, राहणार मेढा, तालुका जावळी, जिल्हा सातारा, हे मृत्युपत्र राजीखुशीने लिहून ठेवत आहे. माझं डोकं ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. मनात कुणाबद्दल जळफळाट आहे का, हे त्यांनी विचारलं नाही, मीही सांगितलं नाही. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही.

१. दुकानाचा गाळा, दोन शिलाई मशिनी, पिको-फॉलचं मशीन, दोन पाटल्या आणि बँकेतली शिल्लक माझी भाची अंकिता राजवर्धन शेलार हिला द्यावी. या मृत्युपत्राची अंमलबजावणी तिनेच करावी. मोठ्या कात्रीने कागद कापू नये. मी वरून बघत असेन.

२. माझे पूर्वीचे पती धैर्यशील, राहणार सांगली, यांना कौटुंबिक न्यायालयाच्या आदेशाची प्रत फ्रेम करून द्यावी. काच चांगली घालावी. खर्च माझ्या शिलकीतून करावा.

३. ठुशी. हिच्याबद्दल जरा सविस्तर लिहावं लागेल.

माझ्या लग्नाच्या यादीला दोन्हीकडची मंडळी बसली, कुणी काय द्यायचं ते लिहायला. बाबांनी सोनं लिहूच दिलं नाही. म्हणाले, "आमी पोरगी देतोय, बाजार न्हाई मांडला. आमच्या सोन्याची यादी कशाला?" सगळ्यांनी माना डोलावल्या. अठरा वर्षांनी घटस्फोट झाला, तेव्हा धैर्यशील म्हणाले, सोनं दिल्याचं कुठं लिहिलंय?

ठुशी, पाटल्या आणि बाबांनी संसाराला दिलेली रक्कम गेली असं धरून मी मशीनवर बसले. एक दिवस एक गिऱ्हाईक मोबाईल पुढं करून म्हणालं, "मावशी, ह्या बाईसारखा गळा शिवा." फोटो सांगलीतल्या कुठल्याशा लग्नातला होता. ती बाई म्हणजे धैर्यशील यांची दुसरी बायको क्रांती, आणि तिच्या गळ्यात माझी ठुशी. मी टेप न लावता सांगते, तिचा गळा साडेबारा इंच. माझा चौदा. तो ब्लाउज मी शिवला, शिलाईही घेतली. दुसऱ्या दिवशी वकील ज्ञानदाताईंकडे गेले आणि सांगलीत दावा लावला.

अर्जात मी खूण लिहिली होती: मधे हिरवा खडा, खड्याच्या डावीकडचे दोन मणी चेपलेले. धैर्यशील यांचं म्हणणं, असा दागिना मला दिलाच नव्हता. क्रांतीची ठुशी त्यांच्या आजीची. साक्षीला त्यांनी क्रांतीलाच आणलं. तिचा बाप शहाणा, त्याने तिच्या लग्नाच्या यादीत सासरहून मिळालेला एकेक दागिना खुणेसकट लिहून घेतला होता. ती यादी तिने विश्वासाने कोर्टात दिली. त्यात लिहिलं होतं, हिरवा खडा, डावीकडचे दोन मणी चेपलेले.

मग ज्ञानदाताईंनी तिला माझ्या लग्नातला फोटो दाखवला. तिने फोटोतल्या खड्याच्या डावीकडचे मणी बोटाने मोजले. नवऱ्याकडे एकदाही न बघता म्हणाली, "मॅडम, ही माझी न्हाई. मला आजीची हाय म्हणून सांगितलं. ह्या ताईंची हाय ही."

आदेश माझ्या बाजूने झाला, पाटल्या आणि रक्कमही परत मिळाली. ठुशी परत देताना बाहेर व्हरांड्यात ती म्हणाली, "ताई, लय जपून वापरलीया मी. एक मणी बी पडू दिला न्हाई."  नवरा तिने नेला, तो गेला तर गेला. पण चांगुलपणातही ती पुढं गेली, हे मला आजवर पचलेलं नाही.

गेल्या वर्षी साताऱ्याला एका लग्नात मी ठुशी घालून गेले होते. क्रांती नुसत्या काळ्या मण्यांत होती. बायका तिच्याचकडे बघत होत्या. माझ्या सोन्याकडे कुणी ढुंकून पाहिलं नाही. त्या दिवशी मी घरी येऊन ठुशी डब्यात ठेवली आणि जेवले नाही.

तरी लिहिते: ही ठुशी माझ्या पश्चात क्रांती हिला द्यावी. अंकिता, चिडू नकोस. ठुशी घातली म्हणजे निदान लोक म्हणतील, दागिन्यामुळे उठून दिसते.

बाबांनी लिहू दिलं नाही ते मी लिहिते. सोन्याची ठुशी एक, वजन साडेतीन तोळे, हिरवा खडा, डावीकडचे दोन मणी चेपलेले. वजनाची पावती आणि फोटो सोबत द्यावा. हे क्रांतीचं स्वतःचं धन आहे. धैर्यशील किंवा त्यांच्या घरातल्या कुणाचाही त्यावर हक्क नाही. उद्या तिलाही कोर्टाची पायरी चढावी लागली, तर तिच्या हातात हा कागद असू दे.

एकच अट. कोर्टातून आली तेव्हा ठुशीला तिच्या मापाचा दोरा होता. तो मी काढून टाकला आहे. नवा दोरा माझ्या मापाचा, चौदा इंचाचा, गाठ सुईने पक्की शिवून ठेवली आहे. द्यायच्या आधी तो कुणी बदलू नये. तिला सैल होईल. पहिल्यांदा घालताना तिला ती गाठ स्वतःच्या हाताने उसवावी लागू दे. तेवढा वेळ ती माझी आठवण काढेल.

वरील मजकूर वाचून, समजून, दोघा साक्षीदारांसमोर सही केली. साक्षीदारांना यातलं काही मिळणार नाही, चहा तेवढा झाला आहे.

सही: विजयमाला आप्पासो शेलार

साक्षीदार:
१. अनसूया अनंत जोशी, राहणार वाई
२. बिराप्पा जोतिबा हजारे, राहणार मेढा

ठिकाण: मेढा
दिनांक: १४ फेब्रुवारी २०२४