फक्त साल बदललं

८ फेब्रुवारी

आज सकाळी साडेसहाला उठलो, अंघोळ केली, देवाचं नाव घेतलं आणि भाड्याच्या खोलीला कुलूप लावून किल्ली मालकिणीच्या हातात ठेवली. बरोबर एक पत्र्याची पेटी, हत्यारांची पिशवी आणि ही नवी वही. एकोणपन्नासाव्या वर्षी सासरी नांदायला निघालात, असं म्हणून मालकीण हसली. मीही हसलो. खरंच होतं ते.

लग्न होऊन दहा दिवस झाले. दोन साक्षीदार, चार सह्या, एवढंच. ही चष्म्याच्या दुकानात काम करते. दोन वर्षांपूर्वी माझ्या दुरुस्तीच्या टपरीवर बिघडलेला रेडिओ घेऊन आली, आणि पुढे काहीही बिघडलं की यायची. कधीकधी न बिघडलेलं घेऊनही आली असावी, असं मला वाटतं. विचारायचं धाडस अजून झालेलं नाही.

हिचं घर दोन खोल्यांचं, शिवाय स्वयंपाकघर. हिने कपाटाचे तीन कप्पे माझ्यासाठी रिकामे केले आहेत. आयुष्यात माझ्याकडे तीन कप्पे कधी नव्हते, भरायचं काय हाच प्रश्न पडला. बाहेरच्या खोलीत खिडकीशी संगणक आहे, त्यावर हिने शिवलेलं निळं आच्छादन. समोर दोन खुर्च्या, एक हातांची, एक साधी.

मन भरून आलं. देवाने उशिरा दिलं, पण दिलं.

११ फेब्रुवारी

हिचं एक रोजचं काम मला माहीत नव्हतं. सकाळी नऊ ते दहा ती संगणकावर खेळ खेळते. पंचेचाळीस वर्षांची बाई, पण गंमत म्हणून नव्हे. मी पूजेला बसतो तशी बसते.

खेळ साधा आहे. एक छोटी बोट, बेटाबेटांवर टपाल पोचवायचं. खेळणारे दोघं लागतात. एकाने सुकाणू धरायचं, दुसऱ्याने नकाशा बघून वळणं सांगायची. नकाशा हिच्याकडे. सुकाणू हिच्या पहिल्या नवऱ्याकडे असायचं. ते पाणीपुरवठा कचेरीत कारकून होते, पण या खेळापायी सगळे त्यांना कप्तान म्हणत. अकरा वर्षं दोघं रोज खेळले. कुठल्या बेटावर केव्हा पोचलो याची नोंदही ते वहीत करत. त्यांना जाऊन आता तीन वर्षं होतील. तेव्हापासून सुकाणू यंत्राकडे सोपवून ही एकटी खेळते, साध्या खुर्चीत बसून. हातांची खुर्ची शेजारी रिकामी.

मी बसू का, म्हणून विचारलं. नको, तुम्हाला वळणं समजायची नाहीत, म्हणाली. मनात काही ठेवून म्हणाली नाही. तरी लागलं.

१२ फेब्रुवारी

आज टपरी बंद. हिच्यासाठी काहीतरी करावं असं वाटलं आणि मला येतं ते एकच. ही कामावर गेल्यावर संगणक उघडला. आत बोटभर धूळ. ब्रशने काढली, पंख्याला तेल दिलं. आतला नाण्याएवढा सेल मेला होता. तो मेला की संगणकाला दिवस आठवत नाही. दर वेळी चालू केला की कारखान्यातल्या त्याच एका जुन्या तारखेपासून सुरुवात. नवा सेल बसवला, तारीख बरोबर केली. कुणी हात लावू नये म्हणून तारखेच्या पानावर सवयीने परवलीचा शब्द घातला. गिऱ्हाइकांच्या यंत्रांना घालतो तसाच.

काम छान झालं.

१३ फेब्रुवारी

खेळ सुरू होत नाही.

खुणेवर दोनदा टिचकी मारली की पडदा काळा होतो, घड्याळाची खूण फिरते, आणि पुन्हा जिथल्या तिथे. हिने चार वेळा करून पाहिलं. उठली आणि घासलेली भांडी पुन्हा घासायला लागली.

संध्याकाळी मेहुणा आला. दाजी, तुमच्या हाताला गुण आहे, म्हणाला, चालू वस्तू बंद पाडायचा. मी हसलो. ही हसली नाही.

१५ फेब्रुवारी

तीन सकाळी गेल्या. खेळ काढून पुन्हा घातला, पडद्यावर चित्रं दाखवणारं कार्ड तपासलं, स्मृतीच्या पट्ट्या पुसून बसवल्या. काही नाही.

खरं लिहायचं तर या तीन सकाळी नऊ ते दहा ही माझ्याशी बोलत बसली. मला बरं वाटलं. रोजचा तो एक तास ती कप्तानाबरोबर त्या बेटांवर गेली नाही, याचं बरं वाटलं. प्रार्थनेला बसल्यावर याची लाज वाटली आणि ठरवलं की मनापासून शोधायचं.

मग सापडलं. या खेळाची परवानगी ठरावीक तारखेपर्यंतच होती आणि ती मागच्या वर्षी संपली. जुना सेल मेलेला, म्हणून यंत्र नेहमी मागच्याच दिवसात असायचं आणि खेळ चालायचा. मी तारीख बरोबर केली आणि खेळ बंद पाडला.

दिवस, महिना तसाच ठेवला. फक्त साल बदललं. तीन वर्षं मागे घेतलं.

खेळ चटकन उघडला. हिला हाक मारली. धावत आली. वाटलं, माझ्याकडे बघेल. तिने आधी हातांच्या खुर्चीकडे पाहिलं.

१६ फेब्रुवारी

आज ही खेळताना मध्येच थांबली. यंत्र बोट सरळ नेतं, म्हणाली, वाट वाकडी करत नाही. आज बोट दीपगृह बघायला डाव्या किनाऱ्याजवळून गेली. ते न्यायचे तशी.

मग कोपऱ्यातली तारीख तिच्या नजरेला पडली. हीच तारीख का टाकलीत, विचारलं. मी सांगितलं, फक्त साल बदललं. मग म्हणाली की दोन मार्चला ते गेले, याच खुर्चीत, खेळता खेळता, दहा वाजून दहा मिनिटांनी. बोट भर समुद्रात होती.

आधी त्या यंत्रात दिवस पुढे सरकतच नव्हता. आता सरकतो आहे. माझ्या नव्या सेलवर.

१८ फेब्रुवारी

खेळ संपवून ही उठल्यावर हातांच्या खुर्चीवर हात ठेवून पाहिला. कोमट. खिडकीतून ऊन येतं, म्हणून असेल.

मोरीतला माझा पंचा कोरडा. शेजारच्या खिळ्यावर दुसरा, ओला.

२० फेब्रुवारी

बाहेरच्या खोलीतून हसण्याचा आवाज आला. ही माझ्याबरोबर असं कधी हसलेली नाही. माझ्याबरोबर ती समजूतदारपणे हसते. हे हसणं पोटातून आलं होतं, तोंडावर हात घेऊन थांबवल्यासारखं.

दारातून पाहिलं. बोट गोल गोल फिरत होती. कुणीतरी मुद्दाम हिला चिडवायला फिरवत होतं, आणि ही रिकाम्या खुर्चीच्या हातावर चापट मारत होती.

‘‘अहो, पुरे,’’ म्हणाली.

मी ओ दिली. तिने मागे वळून पाहिलं. ‘‘तुम्हाला नाही,’’ म्हणाली आणि पुन्हा पडद्याकडे वळली.

एक तास स्वयंपाकघरात उभा होतो. मेलेल्या माणसाचा हेवा करतो आहे, हे देवाला सांगायलाही तोंड उघडेना. पण तो मेलेला असता तर सोपं होतं.

२२ फेब्रुवारी

तीन कप्प्यांपैकी दोनांत सदरे आहेत. इस्त्री केलेले, मोठ्या मापाचे. माझे कपडे घडी करून पेटीत. हिला विचारलं तर म्हणाली, मी हातसुद्धा लावला नाही. खरं बोलत होती.

जिन्यात शेजारच्या काकूंनी अडवलं. कुणाकडे आलात, विचारलं. काकू, मी इथेच राहतो, म्हटलं. दोन आठवडे रोज जिन्यात बोलतो आम्ही. त्यांनी मला पायापासून डोक्यापर्यंत पाहिलं आणि दार लावून घेतलं.

तीन वर्षांपूर्वी मी या घरात नव्हतो.

२४ फेब्रुवारी

यंत्रापाशी वाकून तारीख बघत होतो. ही मागून आली. अगदी गोड आवाजात म्हणाली, ‘‘झालं का काम? चहा घेऊनच जा.’’

मग तिलाच दचकल्यासारखं झालं. डोळे पुसले, माझा हात धरला. काय बोलले मी हे, म्हणाली.

चहाचे कप तीन होते. तिसरा थोड्या वेळाने रिकामा होता.

२६ फेब्रुवारी

ही आज माझ्या पुढ्यात येऊन बसली. लग्नाचं विचारलं होतं तेव्हा बसली होती तशीच, गुडघे जवळ घेऊन.

‘‘दोन तारीख येऊ देऊ नका,’’ म्हणाली. ‘‘एक तारखेला परत महिनाभर मागे घ्या. तुमचा शब्द घातलाय तिथे, मला नाही जमणार. दुसरं काही मागणार नाही तुमच्याकडे, कधीच.’’

आणि मी, म्हणून विचारलं. माझं काय?

तुम्ही चांगले आहात, म्हणाली.

एवढंच. परवलीच्या एका शब्दावर दोघांची माणसं अडकली आहेत. मी मागे घेतलं तर तो राहतो, आणि मी जिन्यातला परका माणूस होतो. नाही घेतलं तर ही याच खोलीत दुसऱ्यांदा विधवा होते. आणि ते करणारा मी.

२८ फेब्रुवारी

मेहुणा आला. कप्तान आहेत का घरात, माझ्याकडे बघून विचारलं. वर म्हणाला, बरं झालं मिस्त्री आले, ताईचा पंखाही आवाज करतो.

आतून कुणीतरी खोकलं.

मेहुणा आत गेला. दोघांच्या हसण्याचा आवाज — तिघांच्या.

डोळे मिटून देवाचं नाव घेतो आणि हातांची खुर्ची दिसते. अकरा वर्षं. त्याला अकरा वर्षं मिळाली. मला एक महिना आणि तीन कप्पे.

त्याने जावं.

लिहिलं. खोडणार नाही.

१ मार्च

सकाळी यंत्रापाशी बसलो. ही मागे उभी. परवलीचा शब्द घातला, पान उघडलं, कळा वाजवल्या. घेतली मागे, म्हटलं.

तिने हात जोडले. मला. मी काहीही केलं नव्हतं. तारीख तशीच ठेवून पान मिटलं होतं. पडद्यावरच्या तारखेच्या कोपऱ्यावर कागदाची चिठ्ठी चिकटवली, तिथे ऊन लागतं असं सांगून.

आज प्रार्थनेला बसलो नाही.

२ मार्च

नऊ. ही स्वयंपाकघरात, गुणगुणते आहे.

नऊ वीस. हातांच्या खुर्चीवर हात ठेवला. गार. आज कुणी आलेलं नाही. पंचा कोरडा. कप दोनच.

कळलं असेल का त्याला —

नऊ पस्तीस. खेळ उघडला. बोट उभी आहे, कुणी वळवत नाही. सुकाणूला हात हवा. मी खुर्चीत बसलो. फक्त बघायला. ती हातांची, अंगाला बरोबर बसते. सदराही — हा माझा नाही. केव्हा घातला?

नऊ पन्नास. ही आली. शेजारच्या खुर्चीत बसली. माझ्याकडे पाहिलं.

असं मला कुणी कधी पाहिलं नाही. दोन वर्षांत नाही, लग्नाच्या दिवशी नाही. याच नजरेसाठी मी जळत होतो, हे आता कळतं.

वळणं सांगते आहे. मला समजतात. सगळी समजतात. डाव्या किनाऱ्याने घेतली, दीपगृह दिसलं, ती हसली. पोटातून.

दहा. गुडघ्यावर वही आहे. बोटीची नोंद करतोय असं तिला वाटतं. नीट लिहा हं, म्हणाली.

दहा चार. डावा हात जड. खांद्यापासून.

चिठ्ठी काढली. दोन मार्च. दहा पाच. त्याची वेळ — ती त्याची नाही, या खुर्चीची आहे. जो बसेल त्याची.

उजवा हात ठीक आहे. शब्द आठवतो. तारीख मागे घ्यायला एक मिनिट पुरे. उठायलाही एक मिनिट. पण मग ती मान वळवेल आणि विचारेल, झालं का काम —

तिचा हात माझ्या हातावर आहे. ऊबदार.

दहा आठ. घाम. ती विचारते, चेहरा असा का झाला तुमचा. काही नाही म्हटलं. नकाशा बघ.

मी उठलो नाही. मागे घेतली नाही. तारखेचं पान उघडून शब्द बदलून टाकला, आठवणार नाही असा, आणि पान मिटलं. झालं. आता कुणालाच —

भर समुद्र. ती म्हणते उजवीकडे. मी उजवी